फणसातला हिस्सा

दुपारी जेवून आडवा झालो होतो, तेवढ्यात चुलतभावाने फोनवर गावचा सातबारा पाठवला. नावांची ही रांग, त्यातली निम्मी माणसं वारलेली, आणि माझ्या नावापुढे हिस्सा दोन आणे आठ पै. बाजारातून आणे-पै कधीच गेले, ह्या कागदात अजून चालतात. झोप उडाली ती उडालीच.

आमचे आजोबा रत्नागिरीकडचे खोत, म्हणजे सरकारसाठी गावचा शेतसारा वसूल करणारे. मला कळायला लागलं तेव्हा नावापुरतेच. खोती १९५० सालीच संपली होती. मग १ एप्रिल १९५७ आला आणि भाताची शेतंही कुळकायद्यात गेली. गेली ते बरंच झालं, पण हे मी घरात कधी बोललो नाही. खोताने कुळाकडून अर्धेलीचं, म्हणजे निम्मं, भात न्यायचं, वर वेठीला राबवायचं. अलिबागजवळच्या चरी गावचे शेतकरी १९३३ पासून वर्षानुवर्षं शेतं पडीक ठेवून बसले, १९३७ मध्ये आंबेडकरांनी खोती रद्द करायचं विधेयक मांडलं, ते काय उगाच?

गंमत म्हणजे आजोबांचा कुळांवर राग नव्हता. खालचं शेत ज्याच्या नावावर चढलं, तो गणपतीत दर्शनाला आला की आजोबा त्याच्याशी हळव्या भाताबद्दल तासभर बोलत.

राग होता सख्ख्या धाकट्या भावावर. वाटणीत बांधावरचा कापा फणस सामाईक राहिला, आठ आणे ह्यांचा, आठ आणे त्यांचा. एका वैशाखात पलीकडच्या मुलांनी पाच की सात फणस परस्पर उतरवले (आकड्यावर दोन घरांत अजून एकमत नाही), आणि ओटीच्या मधोमध कूड उभा राहिला. त्याच्या फटीतून आम्ही पोरं पलीकडच्या पोरांशी गप्पा मारायचो. म्हाताऱ्यांना ते ठाऊक असणार. नाहीतर फट बुजवायला शेणाचा एक गोळा पुरला असता.

प्रकरण कोर्टात गेलं. तारखेला दोघेही एकाच एसटीने रत्नागिरीला जात, कारण गाडी एकच. एक पुढे बसे, एक मागे.

धाकटे आजोबा गेले तेव्हा आजोबा कुडापलीकडे गेले नाहीत. सुतक मात्र दहा दिवस कडक पाळलं. पूजा बंद, देऊळ बंद. मी विचारलं, "तुम्ही तर बोलत नव्हता ना त्यांच्याशी?"

"त्याचा सुतकाशी काय संबंध?"

दावा पुढे चालूच राहिला. आता वारस लावायचे होते.