उजेडीला उजेड नेमका येतो कुठून

गेले दोन महिने माझ्या डोक्यात एकच साडी आहे आणि ती अजून कुणी विणलेलीच नाही.

कादंबरीसाठी मी तमोळ नावाचं एक खोरं रचतेय. तिथे वर्षातले चार महिने सूर्य उगवत नाही, आणि तिथल्या बायका अंधारात स्वतः उजळणारं कापड विणतात, त्याला त्या नुसतं उजेडी म्हणतात, आपण इरकल म्हणतो ना तसं. पहिल्या ड्राफ्टमध्ये मी सरळ लिहून टाकलं होतं की किडा चमकतो म्हणून रेशीम चमकतं, विषय संपला. पण नंतर वाचताना ते मलाच पटेना. धागाच चमकत असेल तर मग विणणारीचं काम काय उरलं, नुसती लड गळ्यात घातली तरी उजेड पडेल की! बरं, तसं रेशीम खरंच आहे. जपानमधल्या शास्त्रज्ञांनी जेलीफिशच्या हिरव्या प्रोटीनचा जीन रेशीमकिड्यात घालून ते बनवलंय (या प्रोटीनच्या शोधाला २००८ चं केमिस्ट्रीचं नोबेल मिळालं), पण ते चमकायला वरून निळा प्रकाश टाकावा लागतो. माझ्या खोऱ्यात तोच तर नाहीये.

मग एका रविवारी येवल्याला गेले. नाशिकहून निफाड, विंचूर करत, कांद्याच्या ट्रॅक्टरांच्या मागे मागे. ओळखीतल्या एका घरी पैठणीचा माग आहे, तिथे विणकर काकू पदरावर मोर भरत होत्या, एकेका रंगाची वेगळी तिल्ली (धागा गुंडाळलेली छोटी कांडी), मोराच्या मानेपुरता निळा धागा घालायचा, शेजारच्या रंगात अडकवायचा आणि परत फिरवायचा, आणि मग फणी ठोकायची. तासाभरात बोटभरसुद्धा पुढे सरकलं नाही. पण मी बघत बसले ते साडीच्या अंगाकडे. ताणा (उभे धागे) मोरपंखी होता आणि बाणा (आडवे धागे) राणी, काकूंनी कापड जरा हातावर कलतं धरलं तर जांभळं, सरळ केलं तर निळसर. धूपछांव. तो जांभळा रंग कुठल्याच धाग्यात नाहीये! दोन धागे एकमेकांना ओलांडतात तिथेच तो तयार होतो.

परतीच्या वाटेवर मला भंडारदऱ्याचे काजवे आठवले. मे संपता संपता, पाऊस सुरू व्हायच्या आधी, घोटीवरून आम्ही दरवर्षी जातो (कृपा करून तिथे गाडीचे हेडलाईट आणि मोबाईलचा फ्लॅश बंद ठेवा, नर काजवे मादीला बोलावण्यासाठी लुकलुकत असतात, आपल्या उजेडात त्यांना एकमेकांचा पत्ता लागत नाही). काजव्याच्या पोटातही दोन गोष्टी असतात, ल्युसिफेरिन (उजेड देताना जळतं ते रसायन) आणि ल्युसिफेरेज (ते जळणं घडवून आणणारं). एकट्याने दोन्ही अंधारीच. त्या भेटल्या, हवेतला ऑक्सिजन आणि पेशीतली ऊर्जा मिळाली की उजेड, आणि तोही जवळजवळ थंड.

बसमध्येच लिहून काढलं. उजेडीचा ताणाही अंधारा आणि बाणाही अंधारा. उजेड फक्त विणीत. म्हणजे माझी विणकरीण ठार काळोखात बसलीय आणि फणी ठोकली की तिच्या बोटांपुढे केसाएवढी एक रेघ उजळते, मग दुसरी. साडी फाटली तर सुटलेले धागे विझतात. वाऱ्यावर उजेड वाढतो, पेटीत घट्ट घडी घातली की मंदावतो. ऊर्जा नेसणारीच्या अंगातून जाते, म्हणून रात्रभर उजेडी नेसलेल्या नवरीला पहाटे आधी गूळ-शेंगदाणे भरवतात.

आणि मला सगळ्यात जवळचं वाटतं ते हे: ल्युसिफेरिन जळून संपतं, पण ल्युसिफेरेज हे एन्झाइम आहे, ते काम करून परत मोकळं होतं. म्हणजे ल्युसिफेरिनसारखा ताणा थकतो, ल्युसिफेरेजसारखा बाणा शिल्लक राहतो. आपल्याकडे जुन्या जरीच्या साड्या चांदीसाठी मोडीत घालतात, माझ्या आजीचा शालू असाच गेला, आईने आजवर त्याचं नाव काढलं की डोळे पुसलेत. तमोळात मी तसं होऊ देणार नाही. तिथे आजीची विझलेली उजेडी नात उसवते आणि तोच बाणा नव्या ताण्यात घालते.

उजेडीचा उजेड काजव्यासारखा हिरवा, त्यामुळे रंगांचं मात्र सगळं नव्याने लिहावं लागलं. काल रात्री टॉर्चला हिरवा जिलेटिन पेपर लावून आईची लाल पैठणी बघितली, अंगाचा लाल रंग पार काळा पडला, जर तेवढी चमकत राहिली. हिरव्या उजेडात लाल दिसतच नाही. म्हणून तमोळात लाल हा लपायचा रंग, रात्री कुणाला चोरून भेटायला जाणारी मुलगी लाल नेसते.

एक गोष्ट अडलीय. त्या रविवारी येवल्याहून निघताना काकूंना उजेडीची तोवरची स्टोरी सांगितली होती, त्यांनी हातातली तिल्ली न थांबवता ऐकून घेतली आणि विचारलं, "सगळं खरं गं बाई, पण मळली तर धुवायची कशी? पाण्यात उजेड वाहून नाही का जाणार?" तेव्हापासून सहाव्या प्रकरणातली माझी नात चिखलाचा पदर हातात धरून नदीकाठी उभी आहे. शनिवारी परत येवल्याला जातेय.