टीव्हीचा आवाज जुन्या अ‍ॅम्प्लिफायरवर: ऑप्टिकल जोडणीविषयी

भिंतीवर टांगलेल्या टीव्हीचे चित्र गेल्या काही वर्षांत जितके सुधारले, तितका त्याचा आवाज मागे पडला, आणि त्याचे कारण उघड आहे. इतक्या पातळ खोक्यात मोठा स्पीकर बसत नाही, आणि जो लहानसा बसतो त्याचे तोंड बहुधा खाली किंवा मागच्या भिंतीकडे असते. बातम्यांपुरते ते चालून जाते. पण रात्री जेवणे आटोपल्यावर एखादी ख्यालाची मैफल लावावी आणि तानपुऱ्याचा खर्ज ऐकूच येऊ नये, तर गाणे ऐकल्याचे समाधान मिळत नाही. नाशिकमध्ये, विशेषतः पंचवटी, गंगापूर रोड आणि शरणपूर रोड या भागांतल्या जुन्या घरांत, पूर्वी हौसेने घेतलेले स्टिरिओ अ‍ॅम्प्लिफायर आणि लाकडी पेटीतले स्पीकर आजही जपून ठेवलेले दिसतात. त्यांचा आवाज आजच्या मध्यम किमतीच्या कितीतरी साउंडबारपेक्षा भरदार असतो, आणि केवळ नव्या टीव्हीला जोडता येत नाहीत या समजुतीने ते माळ्यावर टाकले जातात, याचे मला मनापासून वाईट वाटते. बहुतेक टीव्हींच्या मागे ऑप्टिकल आउटपुटचे, म्हणजे प्रकाशाच्या रूपात आवाज बाहेर देणारे, एक छोटे चौकोनी छिद्र असते आणि त्यातून हा प्रश्न बऱ्याच अंशी सुटतो.

जुन्या टीव्हींना लाल-पांढऱ्या पिनांचे ऑडिओ आउटपुट असे. नव्या मॉडेलांतून ते जवळजवळ हद्दपार झाले आहे आणि हेडफोनचा जॅकही अनेकदा मिळत नाही. मग उरतात एचडीएमआय, ब्लूटूथ आणि ऑप्टिकल. जुन्या अ‍ॅम्प्लिफायरला एचडीएमआयचे सॉकेटच नसते, आणि ब्लूटूथवर आवाज बहुधा ओठांच्या हालचालीमागे रेंगाळतो.

ऑप्टिकल जोडणीचे तंत्र तसे जुने आहे. तोशिबा कंपनीने 1983 मध्ये आपल्या सीडी प्लेयरचा आवाज अ‍ॅम्प्लिफायरकडे नेण्यासाठी ते आणले, आणि म्हणूनच त्या पिनेला टॉसलिंक म्हणतात. आवाजाचे आकडे कोणत्या क्रमाने पाठवायचे याची मांडणी मात्र सोनी आणि फिलिप्स यांनी ठरवलेली असून, ती एसपीडीआयएफ या नावाने अनेक उपकरणांवर छापलेली आढळते. वायरीच्या आत सुमारे 1 मिलिमीटर जाडीचा प्लॅस्टिकचा पारदर्शक तंतू असतो आणि त्यातून साधारण 650 नॅनोमीटर तरंगलांबीचा, म्हणजे डोळ्यांना दिसणारा लाल प्रकाश अतिशय वेगाने चालू-बंद होत जातो. तांबे कुठेच नसल्यामुळे या वायरीतून वीज वाहत नाही. या गुणाची किंमत आपल्याकडे विशेष आहे. ते पुढे येईलच.

या जोडणीचा स्वभाव लक्षात घेतला तर पुढच्या बहुतेक अडचणी आपोआप उलगडतात. एचडीएमआयने जोडलेली दोन उपकरणे आधी एकमेकांची चौकशी करतात: समोरच्याला कोणत्या प्रकारचा आवाज चालतो, किती चॅनल (म्हणजे आवाजाचे किती वेगवेगळे प्रवाह) चालतात, हे विचारून मगच आवाज पाठवला जातो. ऑप्टिकलमध्ये अशी चौकशी होतच नाही, कारण प्रकाश एकाच दिशेने जातो. पलीकडे पाच स्पीकरांचा रिसीव्हर (होम थिएटरचा अ‍ॅम्प्लिफायर) आहे, साधा साउंडबार आहे की वायर नुसतीच लोंबकळते आहे, याचा टीव्हीला पत्ता नसतो. त्यामुळे कोणत्या स्वरूपात आवाज पाठवायचा हे टीव्हीच्या सेटिंगमध्ये जाऊन आपणच ठरवावे लागते, आणि नेमके तेच कोणी सांगत नाही.

प्रत्यक्ष जोडणी सोपी आहे, पण ती घाईने करू नये. नव्या वायरीच्या दोन्ही टोकांवर पारदर्शक प्लॅस्टिकची बारीक टोपणे असतात. ती इतकी बेमालूम बसलेली असतात की पिनेचाच भाग वाटतात. ती काढल्याशिवाय पिन आत जात नाही. पिनेचा आकार चौकोनी असला तरी एका बाजूचे दोन कोपरे कापलेले असतात, म्हणून ती एकाच पद्धतीने बसते. छिद्रावर बहुतेक वेळा स्प्रिंगची एक लहानशी झडप असते. पिन सरळ धरून दाबली की ती आत वळते आणि पिन बसल्याचा बारीक ‘टक्’ असा आवाज बोटांना जाणवतो. तो जाणवला नाही तर पिन अर्धवट बसली आहे असे समजावे. भिंतीवरच्या टीव्हीमागे हात जेमतेम जातो, तेव्हा चाचपडत जोर लावण्यापेक्षा मोबाइलचा टॉर्च लावून कापलेले कोपरे कोणत्या बाजूला आहेत ते आधी पाहावे. वाकडी पिन दाबल्याने झडप तुटलेली मी पाहिली आहे. वायर काढतानाही पिनेला धरून काढावी, वायरीला धरून ओढू नये. वळणावर ती कागदासारखी दुमडू नये. एखाद्या मोठ्या वाटीच्या काठाएवढा बाक ठेवला तर प्रकाश निर्वेध जातो. काही जुन्या लॅपटॉपांत हेडफोनच्या गोल जॅकमध्येच ऑप्टिकल आउटपुट दडलेले असते आणि त्यासाठी वेगळ्या गोल टोकाची वायर लागते.

अ‍ॅम्प्लिफायरला ऑप्टिकल इनपुट नसेल तर मध्ये डॅक नावाची छोटी डबी बसवावी लागते. ही डबी प्रकाशातून आलेले आकडे अ‍ॅनालॉग आवाजात बदलते आणि लाल-पांढऱ्या पिनांमधून अ‍ॅम्प्लिफायरच्या ‘ऑक्स’ किंवा ‘सीडी’ इनपुटला देते. फोनो लिहिलेल्या इनपुटला ती जोडू नये. ते रेकॉर्ड प्लेयरच्या क्षीण सिग्नलसाठी असते आणि तिथे आवाज फाटून येतो. डबी घेताना आणखी एक गोष्ट पाहावी. डिजिटलचे अ‍ॅनालॉग करणारी आणि अ‍ॅनालॉगचे डिजिटल करणारी, अशा दोन्ही डब्या दुकानात शेजारी-शेजारी असतात आणि दिसायला सारख्याच असतात. आपल्याला ऑप्टिकल ‘इन’ लिहिलेली हवी आहे.

पंचवटीत राहणारे माझे एक स्नेही निवृत्त शिक्षक आहेत आणि त्यांचा गाण्याचा कान फार चांगला आहे. त्यांनी अशी डबी आणून सगळे व्यवस्थित जोडले, तरी आवाजाचा टिपूस येईना. दुकानदाराने टीव्हीचे आउटपुट गेले असे सांगितले आणि दुरुस्तीला आलेल्या माणसाने नवा साउंडबार घेण्याचा सल्ला दिला. “तू एकदा बघून जा, नाहीतर मी हा नाद सोडतो,” असे त्यांनी फोनवर सांगितले, तेव्हा मी म्हटले, “सर, काही विकत घेऊ नका, मी येतो.”

अशा वेळी शोध एका ठरावीक क्रमाने घ्यावा. प्रथम अ‍ॅम्प्लिफायरच्या बाजूची पिन काढून तिचे टोक पांढऱ्या कागदासमोर धरावे. कागदावर लाल ठिपका पडला, तर टीव्हीचे आउटपुट चालू आहे आणि वायर धड आहे, इतके एका क्षणात सिद्ध होते. सरांकडे ठिपका स्वच्छ पडला. म्हणजे प्रकाश येत होता, पण त्यातला आवाज डबीला उलगडत नव्हता. टीव्हीच्या साउंड सेटिंगमध्ये डिजिटल आउटपुट ‘ऑटो’वर होते आणि पाहिली जात असलेली वाहिनी डॉल्बी डिजिटलमध्ये, म्हणजे आकडे दाबून लहान केलेल्या स्वरूपात, आवाज देत होती. साध्या स्टिरिओ डबीला फक्त पीसीएम, म्हणजे न दाबलेला दोन चॅनलचा आवाज समजतो. डॉल्बी किंवा डीटीएस या तशाच दुसऱ्या पद्धतीचा दाबलेला प्रवाह आला की अशी डबी एकतर गप्प बसते, नाहीतर खरखर काढते. सेटिंग ‘पीसीएम’ केल्याबरोबर टीव्हीने सगळा आवाज स्वतःच दोन चॅनलमध्ये उतरवून द्यायला सुरुवात केली आणि त्या जुन्या स्पीकरांतून मृदंगाचा डावा हात असा काही उमटला की सर उठून खोलीच्या मध्यभागी येऊन उभे राहिले. हे सेटिंग प्रत्येक कंपनी वेगळ्या नावाने देते. कुठे ते ‘डिजिटल साउंड आउट’ असते, कुठे ‘एसपीडीआयएफ’, आणि पर्यायांत पीसीएम, ऑटो, बिटस्ट्रीम, पासथ्रू किंवा डॉल्बी डिजिटल असे शब्द येतात. स्टिरिओ अ‍ॅम्प्लिफायर असेल तर डोळे मिटून पीसीएम निवडावे.

त्यांच्याकडची दुसरी तक्रार अधिक सूक्ष्म होती. गाणे थांबले की मागे ‘हं’ अशी सलग गुणगुण ऐकू येई. आपल्याकडे वीज 50 हर्ट्झची आहे, आणि केबलच्या वायरीचे अर्थिंग एकीकडे व घरातल्या प्लगचे दुसरीकडे झाले की दोन उपकरणांना जोडणाऱ्या तांब्याच्या वायरीतून सूक्ष्म प्रवाह फिरतो आणि तोच स्पीकरमध्ये गुणगुणतो. जुन्या घरांत, जिथे वायरिंग टप्प्याटप्प्याने होत गेले आहे, तिथे हे हमखास आढळते. ऑप्टिकल वायरीतून वीजच जात नसल्यामुळे हे चक्र तुटायला हवे होते. ते तुटले नव्हते, कारण डबीला लागणारी 5 व्होल्टची वीज सरांनी टीव्हीच्या यूएसबी सॉकेटमधून घेतली होती. टीव्हीबरोबर डबीही बंद व्हावी ही त्यांची कल्पना चांगली होती, पण प्रकाशाच्या वायरीने जे तोडले ते यूएसबीच्या तारेने पुन्हा जोडले. डबीला मोबाइलच्या साध्या दोन पिनांच्या चार्जरवर घेताच गुणगुण थांबली. ही गोष्ट मी मुद्दाम सविस्तर लिहितो आहे, कारण डबीबरोबर यूएसबीचीच वायर मिळते आणि टीव्हीचे सॉकेट समोरच असते, त्यामुळे बहुतेक जण ती तिथेच लावतात.

मे-जूनमधल्या वळवाच्या पावसात आणि विजांच्या कडकडाटात ऑप्टिकल वायरीमुळे केबलमार्गे टीव्हीत शिरलेला विजेचा धक्का त्या वाटेने अ‍ॅम्प्लिफायरकडे जात नाही, हाही लाभच आहे. मात्र प्लगमार्गे येणाऱ्या धक्क्यापासून ती वाचवत नाही, तेव्हा अशा दिवशी प्लग काढून ठेवणेच योग्य.

इतर अडचणी लहान आहेत. टीव्हीच्या रिमोटने आवाज कमी-जास्त होत नसेल तर ते बिघडल्याचे लक्षण नव्हे; ऑप्टिकलमधून बहुधा ठरावीक पातळीचाच आवाज जातो आणि तो अ‍ॅम्प्लिफायरवर कमी-जास्त करायचा असतो. टीव्हीचे स्वतःचे स्पीकर सेटिंगमधून बंद करावेत, नाहीतर दोन्हीकडून येणारा आवाज घुमतो. ओठ आणि शब्द जुळत नसतील तर ऑडिओ डिले किंवा लिप सिंक या नावाचे सेटिंग पाहावे. जाहिरात लागली की क्षणभर आवाज जाणे, हे वाहिनी स्टिरिओवरून डॉल्बीवर किंवा उलट जात असल्यामुळे रिसीव्हरने नव्याने ओळख पटवण्याचे लक्षण असते. पीसीएम ठेवल्यास तेही बहुधा थांबते. सतत तुटक आवाज येत असेल तर मात्र पिन सैल आहे का, तिच्या टोकावर धूळ आहे का, वायर कपाटाच्या मागे चेपली आहे का, हे पाहून कोरड्या मऊ कापडाने टोक पुसावे.

पाच स्पीकरांचा होम थिएटर रिसीव्हर असलेल्यांसाठी हिशेब थोडा वेगळा आहे. सेकंदाला 48,000 नमुन्यांचा (म्हणजे इतक्या वेळा मोजलेला) दोन चॅनलचा आवाज पाठवताना या वायरीतून सुमारे 31 लाख बिट जातात, आणि ही सगळी मांडणीच दोन चॅनलसाठी आखलेली आहे. त्यामुळे न दाबलेला 5.1, म्हणजे पाच स्पीकर आणि खर्जाचा एक वेगळा स्पीकर यांचा, आवाज तिच्यात बसत नाही. डॉल्बी डिजिटल सेकंदाला जास्तीत जास्त 640 किलोबिट घेते, डीटीएस सुमारे 1,500. म्हणून हे दोन्ही सहज बसतात आणि त्यासाठी टीव्हीवर बिटस्ट्रीम किंवा डॉल्बी डिजिटल निवडावे लागते. तरीही रिसीव्हरच्या पडद्यावर पीसीएमच दिसत असेल, तर दोष टीव्हीचा असू शकतो: अनेक टीव्ही एचडीएमआयने आलेला 5.1 आवाज ऑप्टिकलवर देताना दोन चॅनलचा करतात. अशा वेळी सेट टॉप बॉक्सला किंवा डीव्हीडी प्लेयरला स्वतःचे ऑप्टिकल आउटपुट असल्यास वायर तिथूनच थेट रिसीव्हरकडे न्यावी.

डॉल्बी अ‍ॅटमॉस, डॉल्बी डिजिटल प्लस, ट्रूएचडी हे डॉल्बीचे नवे प्रकार या वायरीच्या आवाक्याबाहेरचे आहेत. ज्यांना ते हवेत आणि ज्यांची दोन्ही उपकरणे नवी आहेत, त्यांनी एचडीएमआयच्याच वायरीतून टीव्हीचा आवाज अ‍ॅम्प्लिफायरकडे नेणारे एआरसी, आणि ट्रूएचडीसाठी ईएआरसी, वापरावे. त्यात एका रिमोटची सोयही आहे. पण गाणे, नाटक, जुने चित्रपट दोन चांगल्या स्पीकरांवर ऐकणाऱ्या माणसाला ऑप्टिकलमध्ये काही गमावल्यासारखे होत नाही, असे माझे स्पष्ट मत आहे. सीडीवर जो आवाज असतो तो या वायरीतून जसाच्या तसा, एक बिटही न गाळता जातो.

वायर महात्मा गांधी रोडवरच्या दुकानांत सहज मिळते आणि त्यासाठी फार खर्च करण्याचे कारण नाही. सोन्याचा मुलामा दिलेल्या पिनेला इथे काहीच अर्थ नाही, कारण संपर्क धातूचा नसून प्रकाशाचा आहे. टोक गुळगुळीत असावे, पिन घट्ट बसावी आणि लांबी गरजेपेक्षा हातभर जास्त असावी. पाच मीटरपर्यंत कोणतीही बरी वायर चालते, त्यापुढे मात्र घेण्याआधी दुकानातच लावून पाहावी. भिंतीतल्या पाइपातून वायर ओढायची असेल तर काढलेली टोपणे आधी पुन्हा टोकांवर बसवावीत, म्हणजे आतल्या सिमेंटच्या भुग्याने टोकांवर ओरखडे पडत नाहीत.