मालकही तेच, गडीही तेच: फ्रान्सिस्को राबाल यांच्या अभिनयाविषयी

१९८४ च्या फ्रान्समधील कान चित्रपट महोत्सवात उत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार एकाच चित्रपटातील दोन स्पॅनिश नटांना विभागून मिळाला. त्यांपैकी एक अल्फ्रेदो लान्दा आणि दुसरे फ्रान्सिस्को राबाल, ज्यांना सारा स्पेन ‘पाको’ म्हणत असे. चित्रपट होता मारिओ कामुस यांचा ‘लोस सान्तोस इनोसेन्तेस’, म्हणजे ‘पुण्यवान निष्पाप’. मिगेल देलिबेस यांच्या कादंबरीवर आधारलेला हा चित्रपट एक्स्त्रेमादुरा या कोरड्या, मोठ्या जमीनदारांच्या प्रांतात घडतो. तो मराठवाड्यातल्या प्रेक्षकाला समजावून सांगावा लागणार नाही, अशी माझी खात्री आहे.

याचे कारण अझारियास हे पात्र. वाड्यावर आयुष्यभर राबलेला, बुद्धीने लहान मुलासारखा राहिलेला हा गडी म्हातारा झाल्यावर मालकाला नकोसा होतो आणि बहिणीच्या दारात येऊन उभा राहतो. आपल्याकडे पाडव्याला साल ठरते. वर्षाचे पैसे, ज्वारी, कपडे-चपला यांची बोली होते आणि पुढच्या पाडव्यापर्यंत तो माणूस त्या घरचा सालगडी होतो. ज्यांनी हे जवळून पाहिले आहे, त्यांना अझारियासची मान कोणत्या कोनात झुकते आणि मालकाचा आवाज आला की त्याचे हात कुठे जातात, हे पाहताना ओळखीची कळ जाणवेल. निजामाच्या राजवटीतल्या जहागिऱ्या आणि देशमुखांच्या गढ्या यांच्या कथा ऐकत वाढलेल्या माणसाला स्पॅनिश संवादांचा अर्थ उपशीर्षकांतून वाचावा लागला, तरी त्या देहबोलीला उपशीर्षक लागत नाही.

राबाल तेव्हा साठीच्या जवळ आले होते. त्यांनी अझारियाससाठी स्वतःचे सारे देखणेपण टाकून दिले: बोळके तोंड, ठिगळांची विजार, स्वतःशीच चाललेली पुटपुट. परंतु मला सर्वांत थोर वाटतो तो या भूमिकेतला संयम. अझारियास प्रेक्षकाकडे कधीही दया मागत नाही. एका पाळीव पाखरावर आणि अंथरुणाला खिळलेल्या भाचीवर तो जीव लावतो, आणि त्या मायेतही राबाल कुठे गहिवर आणत नाहीत. भाचीला मांडीवर घेणे हे त्याच्या लेखी गुरांना वैरण टाकण्याइतकेच रोजचे काम आहे. पडद्यावरची गरिबी पुष्कळदा ढोंगी वाटते, कारण नट तिच्याकडे वरून पाहत असतो. राबाल यांच्याकडे ती वरची जागाच नव्हती.

त्यांचा जन्म ८ मार्च १९२६ चा, मुर्सिया प्रांतातल्या आगिलासजवळच्या खाणकामगारांच्या वस्तीतला. १९३६ मध्ये यादवी युद्ध पेटले आणि कुटुंब माद्रिदला आले. पोरवयातच त्यांनी रस्त्यावर किरकोळ वस्तू विकल्या, चॉकलेटच्या कारखान्यात काम केले आणि पुढे शाळा सोडून चामार्तिन स्टुडिओत विजेच्या कामाला लागले. दिवे लावता लावताच छोट्या भूमिका मिळू लागल्या. कवी दामासो आलोन्सो यांनी त्यांना नाटकाकडे वळण्याचा सल्ला दिला. नाटकांतच त्यांना अभिनेत्री असुन्सिओन बालागेर भेटल्या आणि दोघांनी अखेरपर्यंत संसार केला. असुन्सिओन यांनी घरासाठी आपले काम बरेच मागे ठेवले आणि पतीच्या निधनानंतर वार्धक्यात त्या पुन्हा जोमाने रंगभूमीवर उभ्या राहिल्या. राबाल यांच्याविषयी लिहिताना हे सांगायचे राहून जाऊ नये.

स्पॅनिश दिग्दर्शक लुईस बुन्युएल यांच्यामुळे राबाल यांचे नाव स्पेनबाहेर गेले. मेक्सिकोत चित्रित झालेल्या ‘नाझारीन’मध्ये (१९५९) ते ख्रिस्ताच्या वाटेने अक्षरशः चालू पाहणारे पाद्री झाले. या दोघांत इतका जिव्हाळा जुळला की ते एकमेकांना काका आणि पुतण्या म्हणत. मग १९६१ मध्ये दोघांचा ‘विरिदियाना’ आला. त्याला कानचे सर्वोच्च पारितोषिक मिळाले आणि हुकूमशहा फ्रँकोच्या स्पेनमध्ये त्यावर बंदी आली. तेथील प्रेक्षकांना तो १९७७ मध्ये, हुकूमशहाच्या मृत्यूनंतरच पाहता आला. पुढे अंतोनिओनी यांच्यासारख्या दिग्दर्शकांबरोबरही त्यांनी काम केले. ‘द फ्रेंच कनेक्शन’ या चित्रपटासाठी अमेरिकी दिग्दर्शक विल्यम फ्रीडकिन यांना राबालच हवे होते, पण नावांच्या गोंधळात दुसरे स्पॅनिश नट फर्नांदो रे यांना बोलावले गेले. १९७७ च्या ‘सॉर्सरर’मध्ये अखेर फ्रीडकिन यांनी त्यांना घेतले.

दूरचित्रवाणीवरचे त्यांचे काम दुय्यम मानू नये. हाइमे दे आर्मिन्यान यांच्या ‘हुंकाल’ (१९८९) या मालिकेत त्यांनी रिंगणातून बाहेर पडलेला, खिसा रिकामा पण ऐट शाबूत असलेला बैलझुंजीचा खेळाडू उभा केला आणि स्पेनमध्ये ती भूमिका घराघरांत पोचली. त्यांच्या खरखरीत, घोगऱ्या आवाजाला मालिकेत जो निवांतपणा मिळाला, तो दोन तासांच्या चित्रपटात मिळणे कठीण होते. कार्लोस साउरा यांच्या १९९९ च्या चित्रपटात ते फ्रान्समधील बोर्दो येथे परागंदा जीवन जगणारे वृद्ध चित्रकार गोया झाले आणि त्यासाठी त्यांना त्याच चित्रकाराच्या नावाचा पुरस्कार मिळाला. २९ ऑगस्ट २००१ रोजी मॉन्ट्रियलच्या महोत्सवातील सन्मान स्वीकारून परतताना विमानातच त्यांची प्रकृती ढासळली. विमान बोर्दोला उतरवले गेले, पण ते वाचू शकले नाहीत.

आपल्याकडे नाटक शिकणाऱ्या मुलांनी ‘विरिदियाना’ आणि ‘लोस सान्तोस इनोसेन्तेस’ पाठोपाठ पाहावेत, असे मला मनापासून वाटते. पहिल्यात राबाल जमीनदाराचा मुलगा होर्हे आहेत. तो वारशाने आलेल्या जमिनीवर फिरतो, पडीक रान लागवडीखाली आणतो, वीज आणवतो. गाडीखाली बांधून पळवला जाणारा कुत्रा दया येऊन विकत घेतो आणि त्याच्या पाठीमागून दुसऱ्या गाडीखाली तसाच दुसरा कुत्रा जातो. बांधावर उभा राहिलेल्या या होर्हेचे खांदे पाहा, त्याचा पाय जमिनीवर किती निर्धास्त पडतो ते पाहा. मग तेवीस वर्षांनी त्याच नटाचे पाय दुसऱ्याच्या मालकीच्या जमिनीवर कसे पडतात, ते पाहा. उभे राहण्यातला हा फरक शब्दांत शिकवता येत नाही. तो तालमीत अंगावर उतरवूनच पाहावा लागेल, आणि त्यासाठी आधी आपल्याच शिवारातल्या गड्याकडे नीट पाहावे लागेल.