लाकूड पाणी पितं ते टोकांतून: खिडकीची चौकट रंगवताना

चौकटीचा रंग सुटला होता तो फक्त खालच्या वीतभर भागात. वरचा घट्टच होता, म्हणजे दोष रंगाचा नव्हता. लाकडाच्या नळ्या कापलेल्या टोकांशी उघड्या असतात, तिथून पाणी आत चढतं आणि ऊन लागलं की बाहेर पडताना रंगाचे फोड उचलतं.

पटाशीचं टोक जिथे सहज रुतलं तिथलं कुजलेलं लाकूड कडक भाग लागेपर्यंत काढलं. सुटे पोपडे खरवडले, घट्ट बसलेला रंग राहू दिला. त्याच्या कडा 80 आणि मग 120 नंबरच्या पॉलिश पेपरने उतरत्या केल्या. जुन्या रंगात शिसं असू शकतं, म्हणून मास्क लावला आणि पेपर ओला ठेवूनच घासलं.

मग वाळवणं. इथे घाई केली की पुढचं सगळं वाया जातं. मीटरवर ओलावा 15 टक्क्यांच्या खाली आल्यावरच पुढे गेलो. पण उघडं लाकूड आठवडेच्या आठवडे उन्हातही ठेवू नये. वरचा थर जळून भुरा पडतो आणि त्यावर प्रायमर धरत नाही.

खड्ड्यांत दोन भाग मिसळायची इपॉक्सी लांबी (पुट्टी) भरली. ऑइल प्रायमरचा सपाट भागाला एक हात पुरला. टोकांनी पहिला हात क्षणात शोषून घेतला, तिथे तीन लागले. प्रायमर वाळल्यावरच सांधे भरले, कारण प्रायमर न लावलेल्या कोऱ्या लाकडावर सीलंट नीट चिकटत नाही. सीलंट रंग धरणारं ॲक्रिलिक घ्यावं. साध्या सिलिकॉनवर रंग बसतच नाही, आणि एकदा लागलेलं सिलिकॉन पूर्ण निघणं फार कठीण. सुमारे 6 मिलिमीटरपेक्षा रुंद फटीत आधी फोमची दोरी दाबली.

सगळ्या फटी मात्र बुजवू नका! पाणी निघायची छिद्रं आणि सिलखालची, म्हणजे चौकटीच्या तळाच्या आडव्या पट्टीखालची, खाच मोकळी हवी. त्या खाचेमुळे थेंब भिंतीकडे न वळता खाली पडतो.

वरून ॲक्रिलिक रंगाचे दोन पातळ हात, सावली असताना, आणि दव पडायच्या बरेच आधी. काचेच्या कडेवर रंग 2 मिलिमीटर चढू दिला, म्हणजे लांबी आणि काचेमधली बारीक फट बंद होते. झडपेची खालची कड डोळ्यांना दिसत नाही, आणि बहुतेक वेळा कोरी राहते ती तीच. खाली आरसा धरून ती तपासली.