पाटीवर नसलेला उपदेश

आमच्या चित्रपट मंडळात मूकपटात पडद्यावर मधूनमधून येणाऱ्या इंग्रजी मजकुराच्या पाट्या मराठीत करून प्रेक्षकांना मोठ्याने वाचून दाखवण्याचे काम माझ्याकडे असते. दिग्दर्शक सेसिल डेमिल यांच्या 1915 च्या ‘द चीट’ या मूकपटाच्या वेळी या कामात मी चांगलाच तोंडघशी पडलो.

नायिका ईडिथ हाताची इतकी सैल की, गुंतवणुकीचे पैसे हाती येईपर्यंत जरा जपून खर्च कर, असे नवरा विनवीत असताना हिची कपड्यांची खरेदी चालूच. त्या विनवणीच्या दोन ओळींच्या पाटीचे मी ‘अंथरूण पाहून पाय पसरावेत’ इथपासून सुरू होणारे चांगले पाच ओळींचे कीर्तन केले होते. तालमीला बसलेल्या, मंडळातल्या नानांनी पेन्सिलीने त्यावर काट मारली आणि म्हणाले, “हे त्या नवऱ्याचं बोलणं नाही, तुझं आहे. बायको त्याची आहे. तिला सुधारायचं काम तुझ्याकडे कोणी दिलं?”

मी वाद घातला. पाटी बदलून माणूस बदलता येतो, याचा दाखला याच चित्रपटात आहे. सेस्यू हायाकावा यांनी रंगवलेला हस्तिदंताचा जपानी व्यापारी 1918 च्या पुनःप्रदर्शनात ब्रह्मदेशी (आजच्या म्यानमारचा) झाला, कारण महायुद्धात जपान अमेरिकेच्या बाजूने होता. चेहरा तोच, केवळ पाट्यांवरचे नाव आणि देश बदलले. नाना म्हणाले, “ती लबाडी झाली, भाषांतर नव्हे.” मी गुपचूप ओळी खोडल्या.

प्रयोगाच्या संध्याकाळी गोष्ट पुढे सरकली. रेड क्रॉसचे 10,000 डॉलर ईडिथने सट्ट्यात घालवले आणि ती रक्कम भरून काढण्यासाठी त्या व्यापाऱ्याकडून नको त्या अटीवर उसने घेतले. तेवढ्यात नवऱ्याची गुंतवणूक फळाला आली आणि पत्त्यांत हरले अशी थाप मारून तिने तेवढेच पैसे त्याच्याकडे मागितले. त्याने चेकबुक काढले. पडद्यावर पाटी नव्हती. पूर्वीच्या खर्ड्यात इथेही मी त्याच्या तोंडी ‘ही शेवटची वेळ’ घातले होते, तेही नानांच्या पेन्सिलीखाली गेले होते. सभागृहात प्रोजेक्टरच्या पंख्याचा आवाज तेवढा येत होता, आणि दुसऱ्या रांगेतल्या एक आजी न राहवून म्हणाल्या, “अहो, निदान विचारा तरी तिला!”

सगळे हसले. नानांनी अंधारातच वळून माझ्याकडे पाहिले. मी कागदावरची पुढची ओळ बोटाने धरून पाटी येण्याची वाट पाहत राहिलो.