तीन वाक्यं

सोलापूरच्या पूर्वभागातल्या एका जुन्या घरात मालिकेचं शूटिंग होतं. सातचा कॉल, मी साडेसहालाच हजर. बावीस वर्षं हवालदार, तलाठी, मुलींचे बाप करत आलोय. रात्रीच्या सिद्धेश्वर एक्स्प्रेसने मुंबई गाठायची, एका दिवसाचं काम करायचं आणि पैशांसाठी नव्वद दिवस थांबायचं. गावातच काम मिळालं, याचा आनंद वेगळाच होता.

या वेळी नायकाचा बाप. यंत्रमाग बंद पडून घरी बसलेला. पोरगं घर सोडून निघतं तेव्हा बापाला तीन वाक्यं होती. मेकअप झाला आणि नवीन पानं आली. एपिसोड लांबत होता, तिन्ही वाक्यं उडाली. "काका, तुम्ही नुसते बसा," असिस्टंट म्हणाला. पोटात खड्डा पडला.

अशा वेळी मी हिंदी सिनेमातल्या शशिकलाबाईंना आठवतो. जन्म आमच्या सोलापूरचा. 'आरती' आणि 'गुमराह'साठी सलग दोन वर्षं सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअर त्यांनी घेतलं. नायिका दुसरीच असायची, तरी थिएटरातून बाहेर पडताना लोक बाईंबद्दलच बोलायचे, असं माझी आई सांगायची.

मास्टर शॉटला, म्हणजे सगळा प्रसंग एकत्र घेतात तेव्हा, खाटेवर बसलो. अंगाखालच्या चादरीच्या काठाचा एक धागा निघाला होता. माझे वडील मागावर होते. तुटलेला धागा जिभेला लावून, अंगठा आणि तर्जनीत पीळ देऊन ते न बघता गाठ मारायचे. माझी बोटं तेच करायला लागली. जोडायचं, ओढायचं, पुन्हा तोडायचं.

कट झाल्यावर दिग्दर्शक खाटेपाशी आले. "काका, हे परत कराल?" लेन्स बदलली, फक्त हातांचा क्लोज लागला. नंतर नायकाच्या क्लोजला मी कॅमेऱ्याच्या बाजूला जाऊन बसलो. क्यू द्यायला वाक्यच नव्हतं, म्हणून गाठ मारत राहिलो. त्या पोराची नजर माझ्या बोटांवर आली आणि त्याचा आवाज बसला. पहिलाच टेक ओके.

पॅकअपला घरमालक आजोबा जवळ आले. सगळं आयुष्य मागावर गेलेला माणूस. माझा हात धरून म्हणाले, "गाठ बरोबर आहे, पण शेपूट लांब ठेवलंस. फणीत अडकतं."

मग चादरीचाच धागा घेऊन त्यांनी ती सावकाश मारून दाखवली.