मागीलदार

ऑफिसातला एक नेटवर्क स्विच, म्हणजे सगळे कॉम्प्युटर एकमेकांना जोडणारा डबा, परवा दुपारी रुसला. पिंगला, म्हणजे नेटवर्कवरून मारलेल्या हाकेला, ओ देईना. दिवे मात्र हिरवेगार लुकलुकत होते. म्हणजे घरात माणूस आहे, फक्त पुढचं दार उघडत नाही. अशा वेळी लॅपटॉप उचलून त्याच्या पुढ्यात जाऊन बसावं लागतं आणि त्याच्या कन्सोलला, म्हणजे थेट हुकूम द्यायच्या पोर्टला, केबल लावावी लागते.

माझ्या खणात एक मिनी यूएसबीची केबल आहे, जुन्या कॅमेऱ्याची. कॅमेरा कधीच गेला. बायको दर दिवाळीला ती फेकायला काढते, मी दर दिवाळीला परत आणतो. ही पिन आता लागते कुणाला? सिस्कोच्या २९६०-एक्सला, म्हणजे आमच्या या स्विचला लागते!

रॅकच्या मागे आमचा ज्युनिअर आधीच निळी चपटी कन्सोल केबल लावून बसला होता. मी पुढून यूएसबी खोचली. लॅपटॉपवर या केबलीच्या पोर्टचं नाव काल कॉम ३ होतं ते आज कॉम ७ का, हे विचारणं मी सोडलंय. पुटी हे स्विचशी बोलायचं सॉफ्टवेअर, वेग ९६००, एंटर. तेवढ्यात मागून आवाज, "सर, माझा कीबोर्ड गेला. आणि स्क्रीनवर आपोआप काहीतरी टाइप होतंय!"

भुताटकी नव्हती, मीच होतो. दोन्ही केबली लावल्या तर दिसतं दोघांना, पण ऐकून घेतलं जातं यूएसबीचंच.

आजोळी कोकणात ओटीवरून कितीही हाका मारा, आजी यायची नाही. ओटी पाहुण्यांची आणि पोस्टमनची. आम्ही घराला वळसा घालून मागीलदारी जायचो. तिथे ती न्हाणीच्या चुलीत झावळ्या सारत बसलेली. पण चार निरोप एका दमात सांगितले की त्यातले दोन गळायचे. "एकेक सांग रे मेल्या." ९६००च्या वेगाला अख्खं कॉन्फिगरेशन एकदम पेस्ट केलं की मधल्या ओळी अश्शाच गळतात. मी हल्ली दहा-दहा ओळी टाकतो.

मॅनेजमेंटच्या व्हीलॅनवर, म्हणजे स्विचला लांबून हाक मारायच्या पुढच्या दारावर, कुणीतरी शटडाऊन मारलं होतं, एवढंच. 'नो शटडाऊन' लिहिलं, पिंग सुरू.

"सर, पण कन्सोलला पासवर्डच नाहीये," ज्युनिअर म्हणाला.

मागीलदाराला दिवसा कडी नसायचीच. इथवर आला तो घरचाच. घर विकल्यावर नव्या मालकाने तिथे भिंत घातली म्हणे.

'लाइन कन्सोल ०' लिहिलं, पासवर्ड टाकला आणि केबल गुंडाळून खिशात घातली.